उसनी घळ कशी रचावी: काल्पनिक जगातली एक गूढ, जीवघेणी जागा पायरीपायरीने

गेल्या पावसाळ्यात माझ्या भाचीने तिच्या काल्पनिक जगाचा नकाशा माझ्यापुढे पसरला. ती इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे आणि शनिवारी रात्री चार मित्रमैत्रिणींना जमवून रोल-प्लेइंग गेम चालवते. नकाशावर उत्तरेला काळ्या स्केचपेनाने एक कवटी काढली होती. खाली नाव होतं 'मृत्युदरी'.

"इथे काय आहे गं?"

"मावशी, इथे गेलेला माणूस परत येत नाही."

"का?"

"का म्हणजे... मृत्युदरी आहे ना ती."

त्यानंतरचे चार-पाच रविवार आम्ही त्या कवटीवर घालवले. मिसळ खाऊन, वही घेऊन, कधी त्र्यंबक रस्त्याला, कधी पांडवलेणीच्या पायऱ्यांवर बसून. शेवटी कवटी खोडली गेली आणि तिथे 'उसनी' नावाची एक घळ आली. ती कशी आली, हे इथे क्रमाने सांगते. तुम्ही कथा लिहीत असा, गेम चालवत असा किंवा नुसता नकाशा काढत असा, पद्धत तीच चालेल. लागेल ती एक वही, पेन्सिल आणि साधारण पंधरा दिवसांचा धीर. लॅपटॉप शेवटच्या आठवड्यापर्यंत उघडू नका. त्यावर माणूस फार लवकर सुंदर नकाशा काढून बसतो आणि मग तो खोडायला जिवावर येतं.

पायरी १: एकच खोट ठेवा

नवखा माणूस एका दरीत सगळं भरतो. विषारी धुकं, हाडांचा सडा, कुजबुजणारी झाडं आणि वर एक राक्षस. वाचक पहिल्या पानावर घाबरतो आणि दुसऱ्या पानावर जांभई देतो. जागेत जगाचा एकच नियम मोडा. बाकी सगळं शहाण्यासारखं चालू द्या.

वहीत हे वाक्य दहा वेळा लिहा: 'इथे ____ नेहमीसारखं वागत नाही.' रिकाम्या जागी पाणी, सावली, वजन, वास, दिशा, आवाज, भूक, झोप असं काहीही घाला. त्यातली पहिली तीन उत्तरं काट मारून टाका, कारण ती सगळ्यांनाच सुचतात.

एक अडचण मात्र येते. आपल्या सह्याद्रीत निसर्गच इतके खेळ करतो की कल्पनेला थोडं पुढे जावं लागतं. नाणेघाटात पावसाळ्यात वारा असा चढतो की धबधब्याचं पाणी खाली पडायच्या ऐवजी उलटं वर उडतं. हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावरून १८३५ साली कर्नल साईक्स या इंग्रज अधिकाऱ्याने गोल इंद्रधनुष्य आणि त्यात स्वतःची सावली पाहिल्याची नोंद आहे. गिर्यारोहक त्याला इंद्रवज्र म्हणतात. त्यामुळे 'उलटं वाहणारं पाणी' एवढ्यावर भागणार नाही. इथला वाचक म्हणेल, पाहिलंय की, वडा-पाव खात पाहिलंय.

आम्ही आवाज निवडला. प्रतिध्वनी सगळ्यांच्या ओळखीचा. हवेत आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो, म्हणजे १७० मीटरवरचा कडा तुमची हाक बरोबर एका सेकंदाने परत करतो. भाची म्हणाली, "परत यायला एक दिवस लागला तर?" आम्ही आकडेमोड केली. चोवीस तास उशीर व्हायला समोरचा कडा साधारण १४,७०० किलोमीटर लांब हवा. पृथ्वीचा व्यासच १२,७४२ किलोमीटर. म्हणजे हे भौतिकशास्त्रात बसत नाही, पण ओळखीच्या गोष्टीला अगदी लागून आहे. खोट अशीच हवी, शेजारच्या घरातली.

आता नियम एका ओळीत लिहा. एका ओळीत मावत नसेल तर तुमच्याकडे दोन खोटा आहेत. त्यातली एक दुसऱ्या गोष्टीसाठी ठेवा. आमची ओळ अशी:

'उसनीत काढलेला आवाज त्या क्षणी कुणालाच ऐकू येत नाही. तो आठ प्रहरांनी, त्याच जागी, एकदाच ऐकू येतो.'

'एकदाच' हा शब्द नंतर आला. भाचीच्या मित्राने पकडलं होतं की परत आलेला आवाजही घळीतच निघाला, मग तो पुन्हा गिळला जाणार, पुन्हा उद्या येणार, आणि महिन्याभरात घळीत बाजार भरेल. उत्तर नावातूनच सापडलं. उसनं एकदा फेडलं की फिटलं.

पायरी २: त्या खोटीतूनच मरण काढा

इथे बहुतेक जण चुकतात. खोट एक आणि धोका भलताच, अशी जोडणी करतात. आवाज उशिरा येतो आणि शिवाय तिथे अजगर आहे. अजगर कशाला हवा? स्वतःला विचारा, माझ्या खोटीमुळे साध्या माणसाची जगायची कोणती सवय निकामी होते?

माझ्या कॉलेजच्या दिवसांतली गोष्ट. श्रावणात आम्ही सात-आठ जण त्र्यंबकच्या बाजूला एका ओढ्यापलीकडे गेलो होतो. घोट्याइतकं पाणी, डोक्यावर निळं आभाळ. परतताना ओढ्याच्या मधोमध उभं राहून फोटो काढत होतो. पलीकडच्या टेपावरून एक गुराखी ओरडायला लागला, "वर या, वर या!" आम्हाला वाटलं, चेष्टा करतोय. वर चढलो तेव्हा पाण्याचा रंग चहासारखा झाला होता आणि दहा मिनिटांत आमची उभी राहायची जागा दिसेनाशी झाली. पाऊस वरच्या पठारावर झाला होता. गुराख्याला पाणी दिसलं नव्हतं, त्याने ते ऐकलं होतं. आम्हीही ऐकलं होतं, पण आम्हाला तो वारा वाटला.

घळीतल्या माणसाला लोंढा येण्याआधी मिळणारी सूचना म्हणजे आवाज. आता उसनीचा नियम लावा. लोंढ्याचा आवाज उद्या येणार. आज पाणी मुकं येतं. आणि काल लोंढा आला असेल तर आज कोरड्या पात्रात उभ्या माणसाला त्याची गर्जना ऐकू येते, तो जीव घेऊन पळतो, आणि पाणी मात्र नसतं. दोन-तीनदा असं फसलं की माणूस पळायचं सोडतो. एका नियमातून दोन मरणं निघाली, आणि दुसरं जास्त क्रूर आहे, कारण त्यात माणूस अनुभवाने मूर्ख बनतो.

निसर्गातले खरे धोकेही असेच एका कारणातून निघतात. २१ ऑगस्ट १९८६ च्या रात्री कॅमेरूनमधल्या न्योस सरोवराच्या तळाशी साठलेला कार्बन डायऑक्साइड एकदम बाहेर पडला आणि सुमारे १७०० माणसं गुदमरून गेली. तो वायू हवेपेक्षा जड, म्हणून तो दरीदरीने खाली उतरला आणि सखल वस्त्यांवर पसरला. आपल्याकडे जुन्या विहिरीत उतरण्याआधी कंदील सोडून बघतात, त्यामागचं कारणही हेच. तुमच्या जागेला असा 'कंदील' लागेल. तो पुढे येतो.

पायरी ३: दगड, पाणी, उतार

जागा खरी वाटायची असेल तर तिचा छेद काढा. वरून दिसणारा नकाशा नंतर, आधी बाजूने कापलेलं चित्र.

नाशिककरांना यासाठी लांब जावं लागत नाही. आपले डोंगर म्हणजे सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीच्या लाव्हाचे एकावर एक पसरलेले थर. म्हणून त्यांना पायऱ्या आहेत. कडा, मग सपाटी, मग पुन्हा कडा. दोन थरांच्या मध्ये कुठेकुठे लाल मातीचा पट्टा दिसतो. फटींतून झिरपलेलं पाणी अशा घट्ट पट्ट्यावर अडतं आणि बाजूने झऱ्यासारखं बाहेर पडतं. ब्रह्मगिरीवर उगम पावलेली गोदावरी लुप्त होते, गंगाद्वाराला दिसते आणि मग खाली कुशावर्तात येते. गौतम ऋषींनी कुश गवताने तिला अडवलं म्हणून ते कुशावर्त, ही कथा आपण लहानपणी ऐकलेली असते. पाणी दिसतं, हरवतं, पुन्हा दिसतं, हे मात्र कुणालाही पायी चालून बघता येतं.

कागदावर क्रम असा ठेवा. आधी उंच पठार काढा, जिथे पाऊस पडतो. मग त्याला पडलेली भेग, म्हणजे तुमची घळ. मग घळीचं तोंड आणि त्याखालचं गाव. पावसाची वाटणी मुद्दाम असमान करा. इगतपुरीला वर्षाला ३००० मिलिमीटरच्या आसपास पाऊस होतो आणि पंचेचाळीस-एक किलोमीटरवरच्या नाशिक शहरात सुमारे ७००. ही विषमता उचला. गावावर ऊन, पठारावर ढगफुटी, मध्ये घळ.

मग मापं. आम्ही घळ दोन हजार पावलं लांब, शंभर हात खोल आणि सगळ्यात अरुंद जागी आठ हात रुंद धरली. किलोमीटर नको, त्या जगातल्या माणसाच्या अंगाची मापं घ्या. पण स्वतःसाठी बाजूला हिशोब करून ठेवा. सेकंदाला तीन मीटर वेगाने येणारा लोंढा एक किलोमीटर साडेपाच मिनिटांत कापतो. साध्या घळीत किलोमीटरभरावरून आवाज आला तर पळायला तेवढा वेळ आहे. उसनीत लोंढा वळणावर दिसतो तेव्हाच कळतं, आणि वळण शंभर पावलांवर असेल तर हातात पाऊण मिनिटही नाही. एवढ्यात किती उंच चढता येईल? आम्ही भाचीला घराच्या जिन्यावरून पळवून मोजलं. शेजारच्या काकूंना अजून खुलासा दिलेला नाही.

तळाला रांजणखळगे द्या. निघोजला कुकडीच्या पात्रात आहेत तसे. भोवऱ्यात अडकलेले गोटे वर्षानुवर्षं फिरून कातळात रांजण कोरतात. पाणी ओसरल्यावर त्यात काय काय अडकून राहतं, हे तुमच्या कथेला आयतं मिळतं.

पायरी ४: तरीही आत कोण जातं?

या पायरीवर एक अख्खा रविवार द्या. कुणी जातच नसेल अशी जागा नकाशावरची कवटीच राहते. धोकादायक जागेला गूढ चढतं ते तिथे रोज जाणाऱ्या माणसांमुळे. 'शूर नायक' ही कल्पना बाजूला ठेवा आणि पोटासाठी कोण जाईल ते विचारा.

उसनीच्या कड्यांना आग्या मोहोळं लागतात. गावातली सहा घरं मध काढतात. आता नियम त्यांच्या कामावर लावत जा. माश्या उठल्या तर घोंघावणं ऐकू येत नाही. वरच्या जोडीदाराला हाक देता येत नाही. म्हणून सगळी भाषा दोराची. एकदा ओढला म्हणजे 'ठीक', दोनदा म्हणजे 'सैल सोड', तीनदा म्हणजे 'सगळं टाक आणि वर ये'. या घरांतली पोरं बोलायच्या आधी दोराची भाषा शिकतात. त्यांच्यात भांडण झालं तर नवरा-बायको एकमेकांच्या पदराला, बाहीला झटके देतात. असं एखादं घरगुती टोक सापडलं की समजा, जागा श्वास घ्यायला लागली.

मग दुसऱ्या फळीतली माणसं. घळीत कुणी कुणाचा गळा दाबला तर किंकाळी उद्या येणार. मग गावाला पहारा लागेल, पण कालचा. म्हणून 'ऐक्या' हे वतन आलं. ऐक्या रोज घळीच्या तोंडाशी बसून काल आत काय घडलं ते ऐकतो. बलुतेदारासारखा त्याला घरटी धान्याचा वाटा. त्याने ऐकलेलं पंचांसमोर पुरावा म्हणून चालतं, पण एकच अडचण. आवाज एकदाच येतो, त्यामुळे ऐक्या खोटं बोलला तर दुसरा साक्षीदार नाही. भाचीने इथे टेबलावर हात आपटला. तिच्या गेमच्या पुढच्या दोन महिन्यांची सोय एवढ्यावर झाली.

आणि तिसरी, जी मी सुचवली आणि नंतर बराच वेळ आम्ही दोघी गप्प बसलो. लोंढ्यात गेलेल्याची आई. दुसऱ्या दिवशी त्याच वेळी तिला तिथे नेऊन बसवतात. तिच्या मुलाचं शेवटचं बोलणं येणार, एकदाच. काही आया जात नाहीत. न जाणाऱ्यांना गावात कुणी काही विचारत नाही.

पायरी ५: नाव

नाव दोन ठेवा. एक लांबच्या माणसांचं, एक जवळच्यांचं. लांबच्यांना भय मिरवायचं असतं, जवळच्यांना तिथे राहायचं असतं.

आपल्या जिल्ह्यातली नावं बघा. मनमाडजवळच्या सुळक्याला लोक 'हडबीची शेंडी' म्हणतात. कापरं भरावं असा सुळका आणि नाव शेंडी! रामाने विसावा घेतला म्हणून रामशेज. नाव घरातल्या वस्तूंवरून, देहावरून, देवाच्या साध्या कामावरून पडतं. 'काळरात्रीचा कडा' असं कोणतंही गाव आपल्या कड्याला म्हणत नाही, कारण रोज गुरं तिकडे न्यायची असतात.

आमच्या जगात राजाच्या नकाशावर नाव आहे 'मौनदरी'. गावाच्या तोंडी 'उसनी'. ती आवाज उसना घेते आणि फेडते. एवढ्या एका शब्दातून नियम, नातं आणि थोडा हिशेबीपणाही कळतो. जमलं तर नावातच नियम लपवा. सांगण्याची निम्मी मेहनत वाचते.

पायरी ६: एकमेकींशी न पटणाऱ्या कहाण्या

त्रिरश्मी डोंगरावरच्या लेण्यांना सगळं नाशिक पांडवलेणी म्हणतं. आत जाऊन पाहिलं तर ती बौद्ध लेणी आहेत, चोवीस, साधारण दोन हजार वर्षांपूर्वी खोदायला सुरुवात झालेली. भिंतींवर गौतमीपुत्र सातकर्णीची आई गौतमी बलश्री हिचा लेख आहे, नहपानाचा जावई उषवदात याचे दानलेख आहेत. कुणी काय दिलं, कशासाठी दिलं, सगळं दगडात कोरलेलं. तरी नाव पांडवांचं, कारण लिपी वाचणारे संपले आणि गोष्ट सांगणारे उरले.

तुमच्या जागेलाही असे थर द्या. तीन कहाण्या लिहा, प्रत्येकी पाच ओळींत. एक पुजाऱ्याची, एक आत जाणाऱ्यांची, एक सरकारदरबाराची. तिन्हींत एक तपशील समान ठेवा आणि तो समजावू नका. आमच्या तिन्ही कहाण्यांत एक बाई घळीत कुणाचंतरी नाव घेते. पुजाऱ्याच्या कहाणीत ती नवऱ्याचं घेते, मधवाल्यांच्या कहाणीत ती मूल हाकारते, दरबारी कहाणीत फितुराचं नाव उघड करते. मूळ काय घडलं हे मला माहीत नाही. भाचीला माहीत आहे असं ती म्हणते.

पायरी ७: गावाची खूण आणि कंदील

नाशिकला पूर किती आला हे क्युसेकमध्ये कुणी सांगत नाही. दुतोंड्या मारुतीच्या कुठवर पाणी, हे विचारतात. गुडघ्याला, कमरेला, छातीला. गोदाकाठच्या त्या एका मूर्तीने शहराला मोजपट्टी दिलीय. पलीकडच्या नारोशंकराच्या देवळाची मोठी घंटाही नाशिककरांच्या बोलण्यात पुराबरोबरच येते. तुमच्या जागेला असं एक परिमाण हवं. ते लहान मुलालाही कळायला हवं आणि कथेत ते एकदा तरी ओलांडलं जायला हवं.

डोहांचंही असंच. खोल डोहाच्या काठी शेंदूर फासलेले सात दगड दिसले की जुनी माणसं म्हणतात, इथे साती आसरा आहेत, पोहू नका. ज्याला आसरांचं भय नाही त्यानेही तिथे पोहू नये, कारण खाली भोवरा असण्याची शक्यता फार. श्रद्धा हीच तिथली धोक्याची पाटी. पेठ-सुरगाण्याच्या बाजूला वेशीवर वाघदेव उभा असतो, त्यावर वाघ, चंद्र, सूर्य कोरलेले. त्यावरून सीमेचा खांब ही कल्पना जरूर घ्या, पण देव उचलून आपल्या कथेत भुतासारखा वापरू नका. ती लोकांची चालती श्रद्धा आहे. आपला खांब आपण घडवावा.

उसनीच्या तोंडाशी आम्ही 'जिभेचा दगड' उभा केला. त्याच्या अलीकडे बोललेलं ऐकू येतं, पलीकडे नाही. आत जाणारा दगडाशी थांबतो आणि स्वतःचं नाव मोठ्याने घेत एक पाऊल टाकतो. नाव मध्येच तुटलं की समजायचं, आत आलो. हाच आमचा कंदील. पाळणूक तीनच ठेवल्या: आत कुणाला नावाने हाक मारायची नाही, पठारावर ढग असताना उतरायचं नाही, आणि कालचं ऐकून आजचं पाऊल टाकायचं नाही. नियम जास्त केले की वाचक ते पाठ करतो आणि भ्यायचं विसरतो. प्रत्येक पाळणुकीमागे कुणीतरी मेलेलं असायला हवं. कोण, ते वहीत लिहा, कथेत सगळं सांगू नका.

पायरी ८: काय झाकायचं

पानावर तीन रकाने आखा. पहिल्यात वाचकाला नक्की कळेल ते, दुसऱ्यात कष्टाने कळेल ते, तिसऱ्यात कधीच कळणार नाही ते. पहिला रकाना भरभरून लिहा. गूढ टिकवायचं म्हणून सगळंच धूसर ठेवणं ही माझ्या मते शुद्ध आळशीपणाची खूण आहे. धोका स्वच्छ सांगा, त्याचं कारण झाका. तिसऱ्या रकान्यात एकच ओळ ठेवा.

आमच्या तिसऱ्या रकान्यात एकच शब्द आहे: 'व्याज'. उसनी कधीकधी घेतलेल्यापेक्षा जास्त परत करते. एखादा शब्द, एखादं हसणं, जे काल तिथे कुणीच काढलेलं नसतं. का, ते कुठेही सांगायचं नाही. भाचीने कारण शोधायला सुरुवात केली होती, मी पेन्सिल काढून घेतली.

पायरी ९: माणूस आत सोडा

आता एक उतारा लिहा, दीडशे शब्दांच्या आत. अट अशी की नियम समजावायचा नाही, त्यातलं एकही स्पष्टीकरण येऊ द्यायचं नाही. आमचा तिसरा खर्डा:

'देवज्याने दोर एकदा ओढला. वरून उत्तर आलं, एकदा. खाली कोरड्या पात्रात काल दुपारची पोरं हसत होती. त्यातलं एक हसणं त्याच्या धाकट्याचं होतं, आणि धाकट्याला काल त्याने घळीत आणलंच नव्हतं. त्याने धुराची चूड पोळ्याखाली धरली. माश्या उठल्या. उठल्याचं डोळ्यांनी कळलं. मग दोर हलला, वरून, तीनदा. त्याने वर पाहिलं नाही. वरच्या वळणाकडे पाहिलं. तिथला खडक काळा पडत चालला होता, खालून वर, ओला होत गेल्यासारखा.'

पहिल्या दोन खर्ड्यांत 'भयाण शांतता', 'अंगावर काटा' असं सगळं होतं. ते काढल्यावर उतारा निम्मा झाला. विशेषणं खोडून पाहा. जागा घट्ट असेल तर ती त्यांच्याविना उभी राहते, नसेल तर पायरी २ वर परत जा.

तपासणी आणि थोडी ताकीद

वाचणाऱ्याला जागा सांगा आणि पाच प्रश्न विचारायला लावा. 'मग तिथे कुत्रं भुंकलं तर?' 'मुका माणूस तिथे सुखी असेल का?' असे प्रश्न आले तर काम झालं. 'त्यात राक्षस आहे का?' असं विचारलं तर नियम अजून पोचलेला नाही.

खऱ्या जागा बघायला जाणार असाल तर हिवाळ्यात जा. हरिहरच्या जवळजवळ उभ्या कातळपायऱ्या आणि हाताला धरायला कोरलेल्या खोबण्या, धोडपच्या माथ्यावरची भिंत आणि तिच्यातली खाच, अंजनेरीचं पठार, हे सगळं कोरड्या दगडावरही पुरेसं शिकवतं. दुगारवाडीसारख्या धबधब्यांकडे पावसाळ्यात जायचंच असेल तर गावातल्या माणसाला विचारून, आणि ओढा ओलांडून पलीकडे न जाता. तिथे पाणी अचानक वाढून लोक अडकल्याच्या बातम्या आपण वाचतोच. वही भिजेल, हा त्यातला सगळ्यात लहान तोटा.

भाचीने गेल्या महिन्यात उसनी पहिल्यांदा खेळायला घेतली. रात्री अकराला तिचा फोन आला. मागे गोंधळ चालला होता. एका खेळाडूने विचारलं होतं, आवाज उसना जातो हे ठीक, पण लोंढ्याने कातळाला बसणारा हादरा? तोही उद्या येतो का?

मी वही काढली. एका ओळीच्या नियमात आवाज होता, हादरा नव्हता. "हादरा आजच येतो," मी म्हटलं. "तळपायाला कळत असेल."

म्हणून आता उसनीत मध काढणारे अनवाणी उतरतात. घळीतून परतलेल्या माणसाच्या आधी टाचा बघतात, मग तोंड. पायरी ७ च्या पानावर ती ओळ वाढवलीय, वेगळ्या शाईने.